चांदझर

बाई, तुम्हाला जाऊन बरीच वर्षं झाली, आणि आज दुपारी दवाखान्यातली गर्दी ओसरल्यावर तुमच्याशी बोलावंसं वाटलं. मी धडगावलाच असते, नर्स आहे. डोंगरातून बाया येतात, त्यांची पावरी बोली डॉक्टरांना कळत नाही आणि डॉक्टरांची मराठी त्यांना. माझा निम्मा दिवस त्या दोघांच्या मध्ये उभं राहण्यात जातो. आश्रमशाळेत खिडकीखाली बसणारी, कधीच तोंड न उघडणारी ती मुलगी मी. आता मी दिवसभर बोलते, हे तुम्हाला खरं वाटणार नाही.

शाळेत आले तेव्हा मला मराठीचा एक शब्द येत नव्हता. मी काही बोलले की मोठ्या मुली माझी नक्कल करायच्या, म्हणून मी पाणी मागणंसुद्धा सोडलं होतं. तुम्ही प्रकाशा या देवळांच्या गावच्या, घरी अहिराणी बोलणाऱ्या. पुस्तकातली मराठी मलाही शाळेतच शिकावी लागली, असं तुम्ही सांगायचात. शेवटच्या तासाला तुम्ही पुस्तक मिटून सात घाटांपलीकडच्या एका राज्याची गोष्ट पुढं न्यायचात. हातवारे करायचात, फळ्यावर चित्रं काढायचात, आणि राहिलेलं माझी मैत्रीण कानात पावरीत सांगायची. त्या राज्यात दर डोंगराची भाषा वेगळी, कुणाचं कुणाला कळत नाही. तिथली एक किमयागार बाई मडक्यात चांदझर शिजवते. ही चांदझर पाण्यासारखी वाहते पण ओलं करत नाही, सांडली तर थेंब थेंब होऊन पळते आणि पुन्हा एक होते. तिचा थेंब जो गिळेल त्याला सगळ्या भाषा येतील, पण आईची हाक मात्र त्याला कधी ओळखू येणार नाही. हे सांगताना तुम्ही आवाज इतका खाली आणायचात की सगळा वर्ग पुढं झुकायचा.

मग तपासणीची गाडी आली. व्हरांड्यात रक्तदाब मोजायचं यंत्र पडून फुटलं. त्या लोकांनी काचा उचलल्या आणि ते पुढच्या शाळेला गेले. फरशीच्या फटीत काहीतरी चमकत होतं. मी बोट लावलं तर ते पळालं, त्याचे दोन थेंब झाले, पुन्हा एक झाला. बोट कोरडंच. मला जराही शंका आली नाही. आईची हाक जाईल हेही मला आठवलं, बाई. मी थोडा वेळ तिथंच बसून आईचा आवाज मनात ऐकून घेतला, आणि मग थेंब तळहातावर घेऊन गिळला.

मैत्रीण ओरडत तुमच्याकडे पळाली. तुम्ही आलात, मुलींना बाहेर काढलंत, खिडक्या उघडल्यात, आणि घाईत उरलेले थेंब कागदाऐवजी बोटांनीच बाटलीत भरलेत. नंतर मला उचलून रस्त्यावरच्या प्रवासी जीपकडे धावलात. जीप भरलेली होती. तुम्ही पुढच्या सीटवरच्या माणसाला म्हणालात, "उठ भाऊ, मन्ही पोर शे." घाटाच्या प्रत्येक वळणावर तुम्ही माझा चेहरा आपल्याकडे वळवत होतात. "बोल ना माय, कायबी बोल. तुन्ही बोलीमा बोल." मी बोलत नव्हते, कारण तोंडातून कुठली भाषा निघेल याची मला भीती वाटत होती. तुमच्या बोटातली अंगठी तेवढ्यात पांढरी पडू लागली होती. सोन्यावर पारा चढला की असं होतं, हे मला नर्सिंगला गेल्यावर कळलं. तेव्हा वाटलं, माझ्यामुळे तुम्हालाही काहीतरी होतंय, आणि मी रडायला लागले. तुम्ही अंगठीकडे पाहिलंत आणि म्हणालात, "जाऊ दे, आईनी दियेल व्हती. आई रागावणार नई."

डॉक्टर म्हणाले, पोटात गेलेला थेंब बहुतेक तसाच बाहेर पडेल, त्याची वाफ जास्त वाईट, पण पोरीला ठेवून घेऊ. तुम्ही माझ्या खाटेजवळ बसून राहिलात. सकाळी आई डोंगर उतरून आली. मला ती दिसायच्या आधी बाहेरून तिची हाक आली, घरच्या नावानं. मी खाटेवरून उडी मारून धावले. मागं वळून पाहिलं तर तुम्ही भिंतीला टेकून खाली बसला होतात, पदर तोंडाला लावून. आईनं तुम्हाला पावरीत काहीतरी विचारलं. तुम्हाला ते कळलं नाही, तरी तुम्ही हात जोडलेत. ती विचारत होती, तुम्ही काही खाल्लंय का.

शाळेत परत गेल्यावर तुम्ही सगळ्या वर्गासमोर म्हणालात, "गोष्ट मी चुकीची सांगितली. त्या राज्यात भाषा गिळून येत नाही." मग मला फळ्याजवळ बोलावून विचारलंत, "तुझी आई तुला कशी हाक मारते?" मी पहिल्यांदा वर्गात मोठ्यानं बोलले. तुम्ही ते फळ्यावर लिहिलंत. तुमचा उच्चार चुकला, तेव्हा ज्या मुली मला हसायच्या त्यांनीच तो दुरुस्त केला. त्यानंतर रोज एक शब्द आमचा आणि एक पुस्तकातला. वर्ष संपेपर्यंत मी तुमच्याशी भांडायलाही लागले होते, आणि तुम्हाला ते फार आवडायचं.

मागच्या उन्हाळ्यात मी प्रकाशाला गेले. विचारत विचारत तुमचं घर शोधलं. ओट्यावर तुमच्यासारखंच कपाळ असलेला माणूस बसला होता, मुलगाच असणार. त्यानं विचारलं, "दर्शनले उन्यात का ताई?" मला सगळं सांगायचं होतं, जीप, अंगठी, फळा.  पण मी म्हणाले, हो, दर्शनालाच आलेय. त्यानं तांब्याभर पाणी दिलं. पाणी पिऊन, देवळाचा रस्ता मुद्दाम विचारून घेऊन, मी निघाले.