आवाज येतोय ना

३ जानेवारी, सकाळी ९
संकल्प: यंदा फिल्म पूर्ण करायचीच. विषय: आई. खिडकीजवळची खुर्ची, एकच फ्रेम, रोज दहा मिनिटं, वर्षभर. आवाज नाही. आवाज म्हणजे चित्राची कुबडी. कॅमेऱ्याचा माइक काढून ड्रॉवरमध्ये टाकला. असल्या निर्णयाला छाती लागते.

४ जानेवारी
पहिलं शूटिंग. नुसती बसून राहा म्हटलं होतं. बसते कसली! केस विंचरून आली आणि म्हणाली, "आवाज येतोय ना रे?" येतोय म्हटलं. प्रयोग समजावत बसलो असतो तर ऊन सरकलं असतं.

१९ जानेवारी
रोज बोलते. रोज आधी तोच प्रश्न, माझं तेच उत्तर. आज मला खोलीबाहेर काढलं. "तू समोर असलास की मला बोलवत नाही," म्हणाली. बरंच झालं. दिग्दर्शक नसला की चित्र शुद्ध राहतं. बाहेर चहा प्यायलो.

८ फेब्रुवारी
ताईचा फोन. डॉक्टर काय म्हणाले ते विसरलास का, आईजवळ बसत जा, वगैरे. रोज दहा मिनिटं तिलाच देतो, म्हटलं. त्यातली तू किती बसतोस, असं तिने विचारलं. पिकतं तिथं विकत नाही, हेच खरं. तरी उद्यापासून बसायचं. नक्की.

९ फेब्रुवारी
नाही बसलो. फेस्टिवलचा फॉर्म भरायचा होता.

२ मार्च
आई चार मिनिटांत दमली. लाइट मात्र अप्रतिम. उठवताना म्हणाली, "हे नंतर सावकाश ऐक. घाई नको." बरं म्हटलं.

११ मार्च
आई परवा गेली. सवयीने कॅमेरा सुरू केला. दहा मिनिटं खुर्ची.

२४ मार्च
ताईला चित्र नकोय, फक्त आवाज हवाय. आईने तिला सांगितलं होतं म्हणे, तोंडावर जमत नाही ते सगळं मी त्याच्या कॅमेऱ्यात बोलून ठेवलंय. फाइलमध्ये थोडा प्रॉब्लेम आहे, आठवड्यात देतो, म्हटलं.
संकल्प: ओठ वाचायला शिकायचं. मी नजरेचा माणूस, महिन्याभरात जमेल.

६ एप्रिल
प, ब, म ओठांवर सारखेच दिसतात. बारा फेब्रुवारीला आई एक शब्द तीनदा म्हणते. 'माळ' असेल तर ती ताईला द्यायची असेल. 'बाळ' असेल तर मी. सकाळपासून तेवढंच पाहतोय. माइक ड्रॉवरमध्येच आहे. चांगला चालतो, आज तपासला.

१३ एप्रिल
ताईला खरं सांगितलं. तिने फोन ठेवला.
एक वाक्य मात्र वाचता आलं. रोज सुरुवातीला तेच आहे, म्हणून जमलं. आवाज येतोय ना रे. मग आई दाराकडे बघते, माझं उत्तर येईपर्यंत थांबते, मान डोलावते आणि निर्धास्त बोलायला लागते.