बोट फिरलं

११ जानेवारी, शनिवार

बाबा आज सात वेळा पडले. एकदा खुर्चीवरून, दोनदा सायकलवरून, चारदा एकाच ओट्यावरून – पियूषला मागून जाणारी गाय हवी होती आणि गाय थांबत नव्हती. मोजायचं काम माझं आहे. कितवा टेक, कोणता कोट, टोपी कुठल्या हातात. ‘दीदी, तुमच्या वहीत चूक नसते,’ असं पियूष म्हणतो. पण सातचा आकडा वहीत उतरवल्यावरही डोक्यातून गेला नाही. बाबा एकसष्टचे आहेत.

पियूष जवळच्याच पद्मनाभपूरचा. त्याचे मूकपट तीन-तीन मिनिटांचे. काळे-पांढरे, आवाज नाही, मध्ये एखादी पाटी. लोक मोबाईलवर बघतात. मागचा दोन लाख जणांनी पाहिला. आमच्या भिलाईच्या सेक्टरातले तेलुगू, ओडिया, छत्तीसगढी, सगळे हसले. भाषा कोणालाच लागली नाही.

आई बघत नाही. म्हणते, ‘मले तं नुसतं धाडधाड दिसते.’

१४ जानेवारी, मंगळवार

संक्रांत. केवलकाका तिळगूळ घ्यायला आले. तीस वर्षं ते आणि बाबा स्टील प्लांटमध्ये एकाच जागी – बाबा खाली खलाशी, म्हणजे ओझं हुकाला अडकवणारे, काका वर क्रेनच्या केबिनमध्ये. तिथल्या गोंगाटात बोलून भागत नसे. बाबा हातानं खुणा करणार, काका त्या खुणेवर लोखंड उचलणार.

काका अजून बाबांना ‘बाई’ म्हणतात. गोंदियाकडच्या खडीगंमतीत, म्हणजे तिकडच्या तमाशात, बाबा सोळाव्या वर्षी लुगडं नेसून नाचायचे, मग सोंगाड्या झाले. भिलाईत नोकरी लागल्यावरही गणपतीचे दहा दिवस स्टेज त्यांचंच असे. माझी अक्षरओळख त्यांच्या गंमतीच्या वहीतून झाली. मी फार आजारी असायची, नऊ वर्षांची होईपर्यंत शाळेत गेलेच नाही. वाह्यात ओळ आली की बाबा तिच्यावर अंगठा ठेवायचे. त्या ओळी अजून मला येत नाहीत.

‘काय बाई, मुकी झाली म्हनते आता?’ काका म्हणाले.

‘झालो बाप्पा. पहिले अर्धी गंमत तोंडानं व्हाची. आता सारं आंगावरच भागवा लागते.’

दोघं हसले. आईनं तिळाची वाटी उचलून आत नेली.

१९ जानेवारी, रविवार

हथखोजला एका कारखान्याची शेड मिळाली आहे. सुट्टीच्या दिवशी आतली क्रेन वापरायला मालकानं परवानगी दिली. शॉट असा – कामगाराच्या कोटाची कॉलर हुकात अडकते, तो दोन फूट वर जातो, लोंबकळतो, शिवण उसवते, तो पोत्यांवर पडतो. क्रेन केवलकाका चालवणार.

आज तालीम होती. पियूषनं सवयीनं बोट वर करून गोल फिरवलं. त्याच्या भाषेत त्याचा अर्थ कॅमेरा चालू. रिकामा हुक सरसर छतापर्यंत गेला! प्लांटमध्ये बोट वर करून फिरवणं म्हणजे ‘वर घे’. थांब म्हणायला मूठ.

‘काका, मैंने तो कुछ बोला ही नहीं,’ पियूष ओरडला.

‘बोट कोनी फिरवलं बे मंग?’ काका केबिनमधून.

ठरलं – पियूष लाल रुमाल हलवेल तेव्हाच दोन फूट घ्यायचं. बोट कोणी फिरवायचं नाही. मी ते वहीत लिहून दोघांच्या सह्या घेतल्या. पियूषनं सहीखाली हसरा चेहरा काढला.

हुक वर गेला तेव्हा बाबा त्याच्याकडे मान मागे टाकून बघत होते. बराच वेळ.

२१ जानेवारी, मंगळवार

बाबांना मोरीत चक्कर आली, आईला न सांगता मला घेऊन डॉक्टरकडे गेले. डॉक्टर म्हणाले, कानाचा दोष आहे, तोल जातो. शिडीवरसुद्धा चढायचं नाही.

परत येताना स्कूटर मी चालवली. सिग्नलला बाबा मागून म्हणाले, ‘तुह्या मायले सांगू नको. पियूषलेही नाई.’

‘आणि रविवारचं?’

‘दोन फूट काई उंची असते का पोरी?’

नाही सांगणार, असा शब्द दिला. दिलेला शब्द मोडणं वाईट की पाळणं वाईट, हे कोणाला विचारू? विचारलं तरी शब्द मोडतोच.

२४ जानेवारी, शुक्रवार

आईनं कोटाच्या कॉलरला कच्चे टाके घातले. मी शेजारी बसून सुई ओवून दिली. दोनदा सांगायला तोंड उघडलं. दोन्ही वेळा धागाच मागितला.

२५ जानेवारी, शनिवार

पियूष घरी आला होता. बाबांचं एकच चाललं होतं – दहा फूट.

‘दोन फुटावरून पडला तं लोक म्हनतात, बिचारा. दहा फुटावरून पडला तं हासतात.’

‘काका, दो फीट. बस.’

‘अरे, मले पडता येते. तू पैदा नव्हता तवापासून पडून राहिलो.’

‘दो फीट, नहीं तो शॉट ही कैंसल.’

बाबांनी मान डोलावली. चांगलं वाटलं मला. मग ते फार लवकर, फार शहाण्यासारखं ‘बरं’ म्हणाले, आणि ते चांगलं वाटलं नाही.

२६ जानेवारी, रविवार

लिहवत नाही.

२८ जानेवारी, मंगळवार

बाबा कमरेखाली काही जाणवत नाही म्हणतात. म्हणजे म्हणत नाहीत, डॉक्टर टाचणी लावतात आणि ते मान हलवतात.

जे पाहिलं ते लिहिते. लाल रुमाल हलला. बाबा दोन फूट वर गेले, थांबले. मी खाली मान घालून वेळ टिपत होते. पुन्हा मोटरचा आवाज आला. वर पाहिलं तर बाबांचे बूट माझ्या डोक्याच्या वर. पियूष ‘नीचे! नीचे!’ ओरडत होता. टाके सुटले. बाबा पोत्यांच्या बाहेर पडले.

डॉक्टरांनी विचारलं, आधी कधी चक्कर? आई नाही म्हणाली. मी बाबांची चप्पल पिशवीत भरत होते. भरत राहिले.

कॉरिडॉरमध्ये केवलकाका भिंतीला टेकून उभे होते. ‘मले बोट दिसलं नीतू. कोनाचं ते नाई पाह्यलं. बोट दिसलं का उचलाचं, तीस वर्षं हेच केलं म्या.’

पियूष हात जोडून म्हणतो, ‘मेरे हाथ में रुमाल था दीदी. पूरे टाइम.’

३० जानेवारी, गुरुवार

सकाळी बाबा नीट शुद्धीत होते. आईनं विचारलं, ‘कसं झालं हो? कावून वर नेलं तुमाले?’

‘बोट फिरलं,’ बाबा म्हणाले आणि डोळे मिटले.

आई मला म्हणाली, ‘लिही.’ पोलीस ठाण्यात द्यायचा अर्ज मी हिंदीत लिहिला. पियूषनं ठरलेली खूण सोडून बोट फिरवलं, म्हणून क्रेन वर गेली. दोनदा वाचला, मात्रा तपासल्या. आईनं सही केली. चार दिवसांत पहिल्यांदा जेवले.

१ फेब्रुवारी, शनिवार

पियूषला ठाण्यात बसवून ठेवलं आहे. कॅमेरा जप्त. त्याची आई आली होती. दारातूनच परत गेली.

बाबांना सांगितलं. ते भिंतीकडे बघत म्हणाले, ‘पोट्ट्याले कावून?’ मग पाणी मागितलं. औषधानं बरळतात, असं आई म्हणाली. मीही तेच धरून बसले.

४ फेब्रुवारी, मंगळवार

ठाण्यात शॉट दाखवला, ओळख पटवून सही करायला. बाबा हुकाला लटकलेले, चेहरा अगदी भोळा. उजवा हात कानाशी, खाजवल्यासारखा. त्या हाताचं एक बोट वर होतं आणि फिरत होतं. सावकाश, खलाशाचं फिरतं तसं.

हवालदाराला ती खाजच वाटली. ‘यही हैं न आपके पिताजी?’

हो म्हटलं. मग सांगितलं, अर्जातलं पियूषचं नाव बाबांनी घेतलेलं नाही. ते मी घातलं.