आतल्या खोलीतलं कार्पेट

३ नोव्हेंबर
आलो एकदाचे! भोईवाड्यात जिथे आमची चाळ होती तिथेच आता बावीस मजली बिल्डिंग, आणि आम्ही चौदाव्यावर. मयूरने दूध उतू घातलं, मी नारळ फोडला. संडास घरात, किचनला मोठी खिडकी, आणि आम्हा म्हातारा-म्हातारीला चक्क स्वतंत्र खोली! ह्यांच्या खाण्यापिण्याची रोज नोंद ठेवा असं डॉक्टरांनी सांगितलंय, म्हणून ही वही. ह्यांना हल्ली फारसं आठवत नाही. गिरणीतला बिल्ला नंबर मात्र पाठ. आज पोटभर जेवले. हात धुऊन म्हणाले, "चल गो सुभद्रा, घराक जाऊया." मी म्हटलं, हेच आपलं घर. हसले. मीही हसले.

९ नोव्हेंबर
लादी इतकी गुळगुळीत की हे दोनदा घसरले. मी मयूरला म्हटलं, आमच्या खोलीत या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत कार्पेट घालू या. तो म्हणाला, "आई, मुंबईच्या दमट हवेत कार्पेट कोण घालतं?" मी हट्टच धरला.

१३ नोव्हेंबर
कार्पेट बसलं. गौतम नावाचा कारागीर आला होता. खाली फोम अंथरला, वर कार्पेट गुडघ्याने रेटत ताणलं, कडा सुरीने कापून भिंतीखाली खोचल्या. दार खालून घासायला लागलं, तेही तासून दिलं. रंग शेवाळी हिरवा. हे पलंगावर बसून सगळं बघत होते. मग अनवाणी उतरले आणि खोलीभर फिरले. गौतम म्हणाला, "बघा, बाबांची पावलं कशी उमटली! लव नवीन आहे ना. झाडू फिरवला की जातील." ह्यांच्या डाव्या पायाचं एक बोट गिरणीत गेलेलं. ठसाही चारच बोटांचा.

२१ नोव्हेंबर
एकदाही घसरले नाहीत. मलाही झोप लागतेय. आधी ह्यांच्या सपाता वाजल्या की दचकून उठायची. आता आवाजच नाही.

२४ नोव्हेंबर
लिहवत नाही. दुपारी आडवी झाले होते. बाहेरच्या दाराला कडी घालायची राहिली. हे कधी उठले, कळलंच नाही. बाराव्या मजल्याच्या जिन्यात सापडले, डोकं पायरीवर. लिफ्टपाशी एका बाईंना म्हणाले होते म्हणे, "घराक जातंय." त्यांना वाटलं, खालीच राहत असतील.

८ डिसेंबर
तेरावं परवा झालं. मयूर एकदाही म्हणाला नाही की कार्पेट तुझ्या हट्टाने आलं. म्हणाला असता तर बरं झालं असतं.

१० डिसेंबर
सकाळी खोली झाडली होती. दुपारी मी किचनमध्ये ताक प्यायले, परत आले तर लवेवर पावलं. पलंगापासून भिंतीपर्यंत. डाव्याला चारच बोटं. मी खाली बसून ठशावर हात ठेवला. कोमट होता. खूप रडले. किती दिवसांनी बरं वाटलं. मयूरला सांगितलं नाही.

१३ डिसेंबर
आता झाडत नाही. पलंगावर बसून राहते. पावलं भिंतीला धरून फिरतात. चारी भिंती, पुन्हा पुन्हा. दारासमोरून जातात, थांबत नाहीत. चाळीत आमचं दार दुसऱ्या बाजूला होतं. गेल्यावरही ह्यांना घर सापडेना —

१६ डिसेंबर
मयूरला दाखवलं. म्हणाला, "आई, तुझीच आहेत ही." मी माझा पाय शेजारी ठेवला. पाच बोटं. तो पांढराफटक पडला. गौतमला फोन केला, उद्याच कार्पेट उखडायचं म्हणाला. पोराचे पाय धरले मी. ऐकत नाही.

१७ डिसेंबर, सकाळ
ठसे खोल गेलेत, फोम फाटेल इतके. कोमट नाहीत आता. ओले. बाहेरचं दार सताड उघडलं. म्हटलं, "जा हो. अडवत नाही. माझा डोळा लागला, चुकलं माझं."

दुपार
गेले नाहीत. पावलं भिंत सोडून — पलंगाकडे. टाचा दाराकडे, बोटं माझ्याकडे.
एकटे जायचे नाहीत ते.

अक्षर वाकडं येतंय. ह्यांनी माझा उजवा हात धरलाय, स्पर्श बर्फासारखा — डाव्याने लिहितेय. ओढत नाहीत. रस्ता ओलांडताना धरायचे, तसाच. बाहेर मयूर गौतमशी बोलतोय —

येते म्हटलं तर माझं पोर — नाही म्हटलं तर हे पुन्हा एकटे, भिंतीभोवती —

अहो, थांबा ना. मयूरला एकदा डोळे भरून