गल्लीच्या कोपऱ्यावरचा तुकडा

कोल्हापूर,
ता. १२ मार्च १९५०

तीर्थस्वरूप दत्तोपंत गुरुजींना, जोतीरामचा दंडवत.

पत्र पोचले. धारवाडची हवा काकूंना मानवली आणि भाजलेल्या हातांनी त्यांना आता परात उचलवते, हे वाचून बरे वाटले. आमच्याकडे सर्व ठीक.

कामाचे विचारलेत. तुम्ही घोटून घेतलेल्या इंग्रजीवर स्टुडिओत शिरलो. चार वर्षे फिल्म कापतो-जोडतो आहे. सध्या गणपतराव मालकांनी गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीवरचा माहितीपट माझ्याकडे दिला आहे. तेव्हा एका छायाचित्रकाराने गच्चीवरून चित्रण केले होते. सत्तावीस तारखेला पहिला खेळ. तुमचे घर त्यात जळाले म्हणून मालकांनी तुम्हालाही बोलावणे धाडलेच आहे.

गुरुजी, तुम्ही येऊ नये असे वाटते. प्रवास लांबचा आहे.

नाही, प्रवासाचे कारण नाही. मला भीती वाटते. जिन्यावर कुणाचे पाऊल वाजले तरी हातातली फिल्म सुटते.

त्यात तुमची गल्ली आहे. जमाव कोपऱ्यावर थबकलेला दिसतो. घर कुठले ते त्यांना माहीत नाही. कडेला पांढऱ्या सदऱ्यातला एक जण उभा आहे. तो हात वर करून बोट दाखवतो. जमाव तिकडे वळतो.

त्या दिवशी मी कोडोलीला होतो, असे तुम्हाला सांगितले होते. नव्हतो. कुणी माझी गचांडी धरली नव्हती की काठी उगारली नव्हती. एकाने नुसते विचारले, "पावणं, मास्तराचं घर कंचं हाय?" आणि माझा हात वर गेला.

त्याच तिन्हीसांजेला तुम्हा दोघांना मीच आमच्या घरी आणले, काकूंच्या हातांना खोबरेल लावले. "पोटच्या पोरानं एवढं केलं नसतं," असे तुम्ही म्हणालात. मी पुन्हा वाटीत बोटे बुडवली.

तो तुकडा मी कापला. मालकांना सांगितले, फिल्म खराब होती. त्यांनी तपासलेही नाही. चार दिवस तो खिशात घेऊन हिंडलो. काडी लावली असती तर क्षणात भस्म झाला असता. काडी ओढवेना.

आज सकाळी तो जागच्या जागी जोडला. आता सगळे गाव बघेल. पोलीसही येतील. आईला अजून सांगितलेले नाही.

गावाआधी तुम्हाला माझ्याकडून कळावे, म्हणून लिहिले. आलात तर मी मागे दाराशी उभा असेन. नाही आलात तरी समजेन.

काकूंना नमस्कार सांगा, असे लिहिणार होतो. धीर होत नाही.

तुमचे घर दाखवणारा,
जोतीराम