डावीकडे निमुळती होणारी रेघ

गुरुजी, काल जव्हारच्या कोर्टात माझी साक्ष झाली आणि मी तुमच्याविषयी बोललो. तुम्ही जाऊन कितीतरी वर्षं झाली, तरी आधी तुम्हाला सांगायला हवं होतं असं वाटत राहिलं.

दावा तुमच्या हयातीतलाच. वावर गावाकडचा तो माणूस वीटभट्टीवर कामाला गेला आणि तिथंच वारला. तो तिकडे असताना त्याच्या खात्यातून धाकट्या भावाच्या नावानं चेक वटला होता. नवऱ्याची सही दिरानं खोटी केली, म्हणून त्याची बायको कोर्टात गेली. दीर पहिल्यापासून एकच सांगतो आहे: दादानं भट्टीवरून निरोप धाडला, बैल घे, चेकबुक गुरुजींकडं होतं, त्यांनीच सही करून दिली. कामाला बाहेर जाणारे पासबुक-चेकबुक तुमच्या पत्र्याच्या पेटीत ठेवून जायचे, कारण घरी उंदीर आणि गळती. हे सगळ्यांना माहीत होतं, तरी त्याचं कुणी खरं मानलं नाही. मीही नाही.

शेवटी कोर्टानं चेक तपासायला माझ्याकडे दिला. हस्ताक्षर तपासायचं हे काम मला कुणी शिकवलेलं नाही. जुनी पुस्तकं, भिंगं आणि हप्त्यानं घेतलेला सूक्ष्मदर्शक एवढ्यावर शिकलो, आणि अहवालातलं एकही वाक्य आजवर मागं घ्यावं लागलेलं नाही. मी तुमचा विद्यार्थी, हे आधीच लेखी कळवलं होतं. हरकत कोण घेणार? दिराशिवाय तुमच्यावर संशय होताच कुणाला, आणि त्याचं ऐकतं कोण? कोर्टाच्या व्हरांड्यात तो दीर, आता पार म्हातारा, मला बघून हसला. "पुजाऱ्यालाच देवाची झडती घ्यायला लावली म्हणा की!"

सूक्ष्मदर्शकाखाली सही आहे. अक्षरं खातेदारासारखी, सावकाश गिरवलेली. पण वरची रेघ उजवीकडे जाड सुरू होते आणि डावीकडे निमुळती होत संपते. मी डोळा काढतो, भिंग पुसतो, पुन्हा बघतो. तुम्ही डावखुरे. फळ्यावर शब्द झाला की रेघ उजवीकडून ओढायचात आणि आम्हाला दटावायचात, "माझं बघून काढू नका रे, तुम्ही डावीकडूनच काढा." एवढ्यावर मत देता येत नाही. म्हणून कोर्टाला विनंती करून शाळेचे तुमच्या हातचे हजेरीपट मागवले, दिराच्या सह्याही घेतल्या. अक्षराअक्षरात हात कुठं टेकतो, कुठं उचलतो, ते पडताळलं. दिराचा हात नव्हता. तुमचाच होता.

माझ्या बापाला सही येत नव्हती, म्हणून त्याच्याच सांगण्यावरून मी प्रगतिपुस्तकावर त्याचं नाव लिहिलं होतं, आठवतं? भर वर्गात तुम्ही विचारलंत, "बाप मेला काय रे तुझा?" मी म्हटलं, "त्यानंच सांगितलं, गुरुजी." तर म्हणालात, "सांगू दे. दुसऱ्याचं नाव आपल्या हातानं लिहायचं नसतं."

तरी सही केलीत, ती मी समजू शकतो. निरोप आला असेल, बैल हवा असेल, पेरणी तोंडावर असेल. पुढे नोकरीची भीती वाटली असेल, तीही समजतो. पण गावच्या बैठकीत तुम्ही त्या दिराला म्हणालात, "मेलेल्या भावाला लुबाडलंस, आता मला मध्ये ओढतोस?" मी तिथंच बसलो होतो. तुमचा आवाज जरासुद्धा कापला नाही. पेन्शन घेऊन घरी बसलात, तेव्हा तर कुणाची भीती नव्हती. तो मात्र तेव्हापासून लग्नात, मयतीत, सगळीकडे चोर म्हणून कडेला बसतो.

काल मी पिंजऱ्यात उभा राहून सांगितलं, सही दिराची नाही. वकिलानं विचारलं, "मग कोणाची?" मी तुमचं पूर्ण नाव घेतलं आणि सवयीनं पुढं "गुरुजी" लावलं. न्यायाधीश मॅडम स्टेनोला म्हणाल्या, "नुसतं नाव लिहा."

हे पत्र कुठं टाकायचं नाही, म्हणून लिहितो: तो शब्द खोडला गेला तेव्हा मला वाईट वाटलं.