बोळ बंद होण्याआधी आदेशाची प्रत मिळणेबाबत

दि. १९ सप्टेंबर २०२५

प्रति,
मा. प्रबंधक,
पेठ विभाग दिवाणी न्यायालय,
पुणे शहर

विषय : बांधकाम-मनाई आदेशाची प्रत आजच्या आज मिळणेबाबत.

संदर्भ : १) दावा क्र. २१४/२०२४, निशाणी ५ वरील दि. ९ सप्टेंबरचा आदेश. २) त्याच दिवशीचा माझा नकलेचा तातडीचा अर्ज.

महोदय,

आमच्या बोळातली भिंत प्रतिवादी बांधत असले, तरी ती उभी आपल्या कार्यालयाने केली आहे. हे रागाने लिहीत नाही. रागाने लिहिलेला कागद कालच फाडला.

१) मी कसबा पेठेत पत्र्याच्या पेट्या बनवतो. वडील दादामियाँ, वय ७९, सोमवार, बुधवार, शनिवार असे तीनदा डायलिसिसला जातात, चाकाच्या खुर्चीतून. घरातून रस्त्यावर यायला एकच बोळ. शेजारचे जागामालक त्याच्या तोंडावर भिंत घालू लागले, म्हणून दावा लावला. नऊ तारखेला मा. न्यायाधीशांनी भर कोर्टात सांगितले, २३ तारखेपर्यंत बांधकाम बंद. मी हात जोडले, नकलेचा अर्ज दिला आणि कागद न घेताच घरी गेलो. ही माझी चूक. प्रतिवादीही तिथेच उभे होते, आणि आदेश कागदावर यायला किती दिवस लागतात हे त्यांना माझ्यापेक्षा चांगले ठाऊक होते. तोवर एक गवंडी होता, दुसऱ्या सकाळी तीन आले. आदेश झालाच नसता, तर भिंत निदान सावकाश झाली असती.

२) चौकीत गेलो. हवालदार म्हणाले, "काका, तोंडी हुकूम आम्हाला फक्त आमच्या साहेबांचे चालतात. कोर्टाचा कागद आणा." संकेतस्थळावर 'आदेश पारित' दिसते, उघडत नाही. नक्कल खिडकीवर सात फेऱ्या झाल्या. आधी टंकलेखक रजेवर, मग दुरुस्ती बाकी, मग सही बाकी. काल ऐकवले, "तातडीचा अर्ज केलात ना? तातडीच्यांचीच रांग मोठी आहे. साधा केला असता तर एव्हाना मिळाली असती." प्रत २६ ला मिळेल म्हणतात. आदेश २३ ला संपतो. आमच्या वकील मैत्रीताई मुदत वाढवून मागायला गेल्या, तर त्या अर्जाला आदेशाची प्रत जोडा म्हणाले. मी पेटीला झाकण बसवल्याशिवाय गिऱ्हाइकाला 'तयार आहे' असे सांगत नाही. आपण सांगता.

३) बुधवारी खुर्ची भिंतीला घासून कशीबशी निघाली, अब्बांच्या कोपराचे साल गेले. म्हणाले, "कोर्टाने थांबवलंय ना रे? मग?" आज सकाळी फट सत्तावीस इंच होती, खुर्ची पंचवीस. गवंडी रतन माणूस वाईट नाही. म्हणाला, "खालिदभाई, कागद दाखवा, थापी इथंच खाली ठेवतो. मालक डोक्यावर उभा आहे. संध्याकाळपर्यंत फट ठेवतो, पुढं माझ्या हातात नाही."

४) उद्या शनिवार आहे. एक वेळ चुकली की अब्बांना श्वास लागतो. दोन चुकल्या तर काय होते, ते डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितले आहे.

तरी आदेशाची सहीची प्रत आज कार्यालय बंद होण्यापूर्वी माझ्या हातात द्यावी. देता येत नसेल, तर 'नियमानुसार कार्यवाही सुरू आहे' हे नको. एवढेच लेखी कळवावे, आपल्या सहीने : उद्या सकाळी साडेसातला मी माझ्या वडिलांना कोणत्या वाटेने बाहेर काढू?

नम्रपणा संपत आलेला अर्जदार,
(सही)
खालिद दादामियाँ मणियार
कसबा पेठ, पुणे

सोबत : नक्कल अर्जाची पोच. आदेशाची प्रत जोडलेली नाही, ती आपल्याकडे आहे.