उगारलेलं वल्हं

ताई,

सुरुंगाने माझा पाय नेला आणि त्याचा राग मी तुझ्यावर काढला. जखम धुताना दुखलं म्हणून तुझ्यावर कुबडी हाणली. तू आडवा धरलेला हात मोडला, तरी मी दुसरा घाव घातलाच. तू घर सोडलंस, बरंच केलंस.

मग पुनर्वसन केंद्रातल्या प्रशिक्षकांनी मला कयाकमध्ये, एकट्याने वल्हवायच्या निमुळत्या नावेत, बसवलं. "मारायचंय ना? पाण्याला मार," म्हणाले. वर्षभर पाणी बडवलं.

आज दिव्यांगांच्या शर्यतीत मी आघाडीवर होतो. शेजारच्याची नाव माझ्यावर आदळली. त्याचं डोकं फोडायला मी वल्हं उगारलं. त्याने तोंडापुढे हात धरला, अगदी तुझ्यासारखा. माझं वल्हं हवेतच राहिलं. बाकीचे निघून गेले. मी शेवटचा आलो.

हे पत्र टाकणार नाही. पाकिटावरचं माझं अक्षर पाहूनसुद्धा तू दचकशील.

तुझा धाकटा